गुडघ्याचे तीस टक्के

अनुवादकाला शब्द तोलून घेण्याची सवय असते. अपघातांच्या नुकसानभरपाईविषयी लिहिताना दोन शब्दप्रयोग वारंवार शेजारी येतात : ‘कायमचे अपंगत्व’ आणि ‘अर्थार्जनशक्तीची हानी’. वरवर पाहता ते एकाच अर्थाचे वाटतात. त्यांच्यातील अंतरावर एखाद्या घराची चूल अवलंबून असते, हे मात्र मला लखनौच्या वृंदावन योजनेत उमगले.

शहराच्या दक्षिणेस, रायबरेली रस्त्याच्या बाजूला उत्तर प्रदेश आवास विकास परिषदेने वसवलेली ही विस्तीर्ण वसाहत. माझी थोरली बहीण येथे राहते. नवी घरे सतत उभी राहत असल्यामुळे गवंडी, सुतार, फरशी बसवणारे कारागीर यांचा येथे नित्य राबता असतो. बहिणीच्या घरातील फरशी ज्या मिस्त्रींनी बसवली, त्यांच्या सायकलीला एका मोटारीने धडक दिली. पाय वाचला, परंतु उजवा गुडघा पुरता वाकेनासा झाला. वय अवघे ३२ वर्षे. त्यांची पत्नी कागदांची पिशवी घेऊन बहिणीकडे आली आणि ते वाचून समजावण्याचे काम माझ्याकडे आले. प्रमाणपत्रात पायाचे अपंगत्व ३० टक्के नोंदले होते. ते ऐकून त्या शांतपणे म्हणाल्या, “दीदी, नुकसान ३० टक्केच असेल, तर घरात येणाऱ्या पैशांतले ७० टक्के कुठे गेले?”

ह्याच प्रश्नाचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने १८ ऑक्टोबर २०१० रोजी दिलेल्या एका निकालात आहे. न्यायमूर्ती आर. व्ही. रवींद्रन यांनी लिहिलेल्या त्या निकालात म्हटले आहे की, अवयवाच्या अपंगत्वाची टक्केवारी हीच कमाईच्या हानीची टक्केवारी असे यांत्रिकपणे धरू नये. डावा हात गमावलेला सुतार किंवा वाहनचालक आपली जवळजवळ सारी उपजीविका गमावतो. तोच हात गमावलेला सरकारी कारकून कदाचित आपल्या जागेवर राहू शकतो. म्हणून जखमी मनुष्य पूर्वी कोणते काम करीत होता, आता काय करू शकतो आणि दुसऱ्या कामावर पोट भरू शकेल काय, हे पाहावे लागते. अवयवाविषयी डॉक्टरांनी सांगावे. कमाईविषयीचा निर्णय मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने करावा.

फरशी बसवणारा दिवसभर उकिडवा बसून किंवा गुडघ्यांवर रांगत काम करतो. कार्यालयात बसणाऱ्याला ज्या गुडघ्याची उणीव जिन्यावरच जाणवेल, तो मिस्त्रींचे मुख्य हत्यार होता.

हिशेबात ह्याने किती फरक पडतो, ते एका उदाहरणाने पाहू. स्वतंत्र व्यवसाय करणाऱ्या ३२ वर्षांच्या माणसाची मासिक कमाई १५,००० रुपये धरली, तर २०१७ च्या घटनापीठाच्या निर्णयानुसार भावी वाढीसाठी तीत ४० टक्के मिळवतात. जखमींच्या दाव्यांतही ही वाढ धरावी, असे २०२० मध्ये न्यायालयाने स्पष्ट केले. महिन्याचे २१,००० म्हणजे वर्षाचे २,५२,००० झाले. २००९ च्या निकालातील कोष्टकाप्रमाणे ३१ ते ३५ ह्या वयासाठी गुणक १६ आहे. गुणाकार ४०,३२,००० रुपये होतो. कमाईची हानी ३० टक्के मानली, तर १२,०९,६०० रुपये आणि ६० टक्के मानली, तर २४,१९,२०० रुपये. उपचारांचा खर्च, बरे होईपर्यंत बुडालेली मजुरी, पुढील औषधोपचार आणि सोसलेल्या वेदना यांची भरपाई ह्याखेरीज.

परंतु ही हानी सिद्ध करावी लागते. ज्याच्या कमाईचा कागद नाही, त्याची मिळकत ठरवताना बहुधा किमान वेतनाचा आधार घेतला जातो. कुशल कारागिराची खरी कमाई त्याहून अधिक असली, तरी ती नजरेआड होते. मिस्त्रींच्या घरी मापांची एक जुनी वही निघाली. तीत कोणाच्या घरी किती फूट फरशी बसवली आणि किती रुपये मिळाले, हे पेन्सिलीने टिपलेले होते. वकिलांनी ती वही दाव्याला जोडली. दोन घरमालक साक्ष देण्यास तयार झाले. निकाल अद्याप लागलेला नाही.

हीच दृष्टी गृहिणींच्या बाबतीतही हवी. घरकामात गुंतलेल्या स्त्रिया त्यावर दिवसाला सरासरी २९९ मिनिटे आणि पुरुष ९७ मिनिटे खर्च करतात, असे २०१९ च्या राष्ट्रीय पाहणीत आढळले. जानेवारी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच आकडे पुढे ठेवून गृहिणीच्या श्रमाचे मोल भरपाईत धरण्याचे समर्थन केले. ‘ती काही कमवत नाही’ असे दाव्यात कोणीही सहज लिहू देऊ नये.

वाचकांना एवढेच सुचवावेसे वाटते की, रोजंदारीने किंवा स्वतंत्रपणे काम करणाऱ्या प्रत्येकाने आपल्या कमाईची साधी नोंद ठेवावी आणि शक्य तेव्हा पैसे बँकेतून घ्यावेत. अपघात घडलाच, तर पोलिसांतील नोंद, औषधांच्या पावत्या आणि रुग्णालयातून घरी सोडतानाचा कागद जपावा. १ एप्रिल २०२२ पासून कायद्यात दाव्यासाठी अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे. म्हणून विलंब करू नये. दावा राहत्या ठिकाणच्या न्यायाधिकरणातही दाखल करता येतो. आणि मागताना संकोच नसावा. भरपाई ही कोणाची कृपा नव्हे. दुसऱ्याच्या बेफिकिरीने जे हिरावले गेले, त्याचा तो हिशेब आहे.