सुरतेची अहिराणी : गाण्यात आहे, बोलण्यात हवी

सुरतेहून उधन्यामार्गे भुसावळकडे जाणारा लोहमार्ग हा खानदेशी माणसाच्या पोटापाण्याचा जुना रस्ता. याच मार्गावरील नवापूर स्थानकाचा एक भाग गुजरातेत, तर दुसरा महाराष्ट्रात आहे. १ मे १९६० रोजी दोन राज्ये झाली, तरी आम्हा सीमेवरच्यांच्या जिभेवर ती रेघ उमटली नाही. प्रमाण मराठीत 'सुरतची गाडी' म्हणतात. गुजरातीत 'सुरतनी गाडी', आणि आमच्या अहिराणीतही 'सुरतनी गाडी'च.

अशा या मधल्या बोलीला घर मात्र कोणी दिले नाही. ग्रियर्सनने आपल्या भाषिक सर्वेक्षणात खानदेशीला भिल्ली भाषांच्या खंडात बसविले. २०११ च्या जनगणनेने तिला मराठीहून वेगळे मोजून सुमारे १८.६ लाख भाषक दाखविले. सुरत महानगरपालिकेच्या मराठी माध्यमाच्या शाळा आहेत, पण त्यांतही शिकवायची ती प्रमाण मराठीच. लिंबायत, उधना, डिंडोली या वस्त्यांत आम्ही गुजरात्यांना 'मराठी' वाटलो आणि मराठी पाहुण्यांना गावंढळ.

ही कोंडी मोबाइलने फोडली. २०१६ नंतर इंटरनेट स्वस्त झाले, २०२० पासून रील्सचे पेव फुटले, आणि 'हाई झुमका वाली पोर'सारखे अहिराणी गाणे ती बोली न समजणारेही नाचत ऐकू लागले. पूर्वी गाणे लोकांपर्यंत पोहोचायचे तर कॅसेट कंपनी, आकाशवाणी किंवा चित्रपटगृह यांपैकी कोणाचा तरी उंबरठा झिजवावा लागे. आता गावातल्या चार पोरांना एक कॅमेरा पुरतो. चारचौघांत अहिराणी बोलण्याची लाज या गाण्यांनी घालवली, हे ऋण आम्ही मानतो.

परंतु हा पडदा जे चालते तेच पुनःपुन्हा पुढे करतो. वरातीत नाचता येईल एवढीच बोली त्याला पुरते. कानबाईच्या जागरणातील गाणी, शेतातली अवजारे, नात्यागोत्यातले टोमणे अर्ध्या मिनिटात मावत नाहीत. परिणाम आमच्या घरांत दिसतो : नातवाला अख्खे गाणे तोंडपाठ असते, पण आजी अहिराणीत काही विचारते तेव्हा तो उत्तर हिंदीत नाहीतर गुजरातीत देतो. गाणे पाठ होणे म्हणजे भाषा येणे नव्हे.

म्हणून सीमेच्या दोन्ही बाजूंच्या आपल्या माणसांना आमची विनंती आहे. गाणी ऐकावीत, नाचावेही. मात्र येत्या श्रावणात कानबाई बसेल तेव्हा तोच मोबाइल घरातल्या म्हातारीसमोर तासभर ठेवावा. तिला तिच्या बोलीत बोलू द्यावे, मध्ये दुरुस्ती करू नये. गावाचे नाव आणि साल नोंदवून ते सर्वांसाठी खुले करावे. आणि प्रश्न विचारायला नातवालाच बसवावे, अहिराणीत.