चॅनेल काढणे सोपे, माणसे जोडणे कठीण

आज आपल्या कोणत्याही वस्तीत जा, "आमचं चॅनेल आहे, सबस्क्राइब करा" असे सांगणारा एखादा मुलगा किंवा मुलगी भेटतेच. २०१६ नंतर इंटरनेट स्वस्त झाले, घराघरात मोबाईल आले, आणि ज्या माणसांकडे कुठल्याही टीव्हीवाल्याने कधी ढुंकून पाहिले नव्हते त्यांना स्वतःचा पडदा मिळाला. ही गोष्ट लहान नाही. पण पडदा मिळाला म्हणजे समोर माणसे येऊन बसतातच असे नाही. ती कशी येतात आणि कशाने टिकतात, याचा हिशोब गेली दोन वर्षे मी माझ्याच घरात करतो आहे. तो आपणा सर्व बंधू-भगिनींसमोर ठेवावासा वाटतो.

माझ्या थोरल्या भावाचा मुलगा चोवीस वर्षांचा आहे. पिरंगुटला ठेकेदाराच्या हाताखाली कामाला होता. ठेका संपला तसे काम गेले. त्यानंतर त्याने चॅनेल काढले. मुळशी तालुक्यातल्या वाड्यावस्त्यांवर जायचे, वयस्कर मायबहिणींच्या तोंडच्या ओव्या, भीमगीते, जुन्या आठवणी मोबाईलवर घ्यायच्या आणि यूट्यूबवर टाकायच्या. काम चांगले होते. पण सहा महिने झाले तरी एकेका व्हिडिओला शे-दीडशेच्या वर कोणी पाहीना, आणि हा दुसरी नोकरीही शोधीना. एका रात्री जेवणे झाल्यावर वहिनी मला म्हणाल्या, "भाऊजी, तुम्ही बी.कॉम. झालाय, ऑफिसात दिवसभर आकडेच बघता. पोराच्या या उद्योगात काही हाती लागणार आहे का, एवढं एकदा हिशोब करून सांगा."

वहिनींचा प्रश्न रास्त होता. ज्या घरात एका पगारावर पाच माणसे जेवतात, त्या घराला पोराच्या हौसेचा हिशोब विचारण्याचा हक्क आहे. मी वही घेऊन बसलो.

यूट्यूबचा नियम असा आहे. जाहिरातीचा वाटा मिळायचा असेल तर चॅनेलला १,००० सबस्क्राइबर हवेत आणि मागच्या बारा महिन्यांत लोकांनी मिळून ४,००० तास व्हिडिओ पाहिलेले हवेत. नाहीतर छोट्या उभ्या व्हिडिओंना, म्हणजे शॉर्ट्सना, नव्वद दिवसांत एक कोटी व्ह्यूज हवेत. शॉर्ट्सच्या रांगेत पाहिलेला वेळ या चार हजार तासांत धरत नाहीत. हे झाल्यावर मोठ्या व्हिडिओवरच्या जाहिरातीचे ५५ टक्के चॅनेलवाल्याला मिळतात, ४५ टक्के कंपनी ठेवते. त्यातही १०० डॉलर जमल्याशिवाय पैसे बँकेत येत नाहीत.

आता चार हजार तास म्हणजे दोन लाख चाळीस हजार मिनिटे. एक माणूस सरासरी तीन मिनिटे थांबला, तर व्हिडिओ ऐंशी हजार वेळा पाहिले गेले पाहिजेत. तोच माणूस सहा मिनिटे थांबला, तर चाळीस हजार वेळांत काम भागते. एवढे गणित मांडल्यावर पुतण्या वहीत डोके घालून बराच वेळ बसला. मग म्हणाला, "काका, म्हणजे माणसं वाढवण्याच्या आधी आलेला माणूस थांबवायला पाहिजे." बी.कॉम.च्या तीन वर्षांत मी जे शिकलो ते त्याला एका बेरजेत कळले. दुकानात शिरलेले गिऱ्हाईक रिकाम्या हाताने परत का जाते, हे आधी पाहावे. बाहेर पाटी मोठी करण्याचा विचार नंतर करावा.

तोपर्यंत त्याने काय केले होते? लग्नात, जयंतीत, नातेवाइकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर, दिसेल त्याला "सबस्क्राइब करा" म्हणून गळ घातली होती. लोकांनी मन राखायला बटण दाबले. तीनशे सबस्क्राइबर झाले, पण पाहणारे तेवढेच राहिले. बटण दाबून न पाहणारा माणूस तासांच्या खात्यात शून्य असतो. "तू माझे कर, मी तुझे करतो" हा व्यवहार आणि पैसे देऊन आकडे विकत घेणे, या दोन्ही गोष्टी यूट्यूबच्या नियमात बसत नाहीत. सापडले तर आकडे वजा होतात, चॅनेलही जाऊ शकते.

मग आम्ही जुने व्हिडिओ एकेक करून पाहिले. प्रत्येकाची सुरुवात दीड मिनिट याच्याच नमस्काराने, संगीताने आणि चॅनेलच्या नावाने होत होती. ज्या माउलीची ओवी ऐकायची ती यायच्या आतच माणसे उठून जात होती. यूट्यूब हे सारे आलेखात दाखवते. कोणत्या मिनिटाला किती माणसे गेली, ते डोळ्यांनी दिसते. त्याने ती सुरुवात काढून टाकली. आता पहिल्याच क्षणी आवाज येतो तो त्या माउलीचा. दुसरी गोष्ट म्हणजे त्याने गळ्याशी लावायचा एक स्वस्त माईक घेतला. चित्र जरा अंधुक असले तरी माणूस सोसतो, पण वाऱ्याच्या घोंघावण्यात शब्द बुडाले की तो थांबत नाही. तिसरी गोष्ट, दर रविवारी संध्याकाळी एक व्हिडिओ, मग पाऊस असो की लगीनसराई.

याच काळात मी त्याला आपल्याच तालुक्यातली एक गोष्ट सांगितली. मूळचे फ्रान्सचे पण पुण्यात स्थायिक झालेले गी पॉइटवाँ आणि हेमा राईरकर यांनी सहकाऱ्यांबरोबर जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. मुळशीतल्या नांदगाव, कोळवडे, लवार्डे अशा गावांतल्या बायकांनी त्यांना ओव्या दिल्या. महाराष्ट्रातल्या हजाराच्या वर गावांतून एक लाखाहून अधिक ओव्या जमल्या. त्यांत बाबासाहेबांवरच्या ओव्याही आहेत. हा ठेवा कित्येक वर्षे वह्यांत आणि टेपांत होता. २०१७ पासून 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहाने तो इंटरनेटवर मांडायला सुरुवात केली. तिथे ओवीबरोबर गाणाऱ्या बाईचे नाव असते, गाव असते, तालुका असतो.

पुतण्याने एवढेच उचलले. आधी तो व्हिडिओला "हृदयस्पर्शी ओवी, नक्की ऐका" असली नावे द्यायचा. असे कोण शोधणार? आता तो गाणाऱ्या आजीची परवानगी घेऊन तिचे नाव, गाव, माहेर आणि ओवीचा विषय लिहितो. आपली माणसे मुळशीतून पिंपरी-चिंचवडला, मुंबईला, कुठे कुठे गेली आहेत. कोणाची मावशी, कोणाची आत्या, कोणाची आजी. ती माणसे नावाने शोधतात, शेवटपर्यंत ऐकतात आणि स्वतः होऊन चार घरी पाठवतात. मुळशी धरणात बुडालेल्या गावांची नावे एका आजीने सांगितली, तो व्हिडिओ सर्वांत जास्त पाहिला गेला. या धरणाविरुद्ध १९२१ साली सत्याग्रह झाला हे पुस्तकात आहे. पण आपल्या पणजोबाचे घर कोणत्या गावात होते, हे शोधणारी माणसे अजून आहेत, हे आम्हाला त्या व्हिडिओखालच्या मजकुरावरून कळले.

बाहेरची उदाहरणेही आम्ही पाहिली. नगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातल्या सारोळा कासारच्या सुमन धामणे, 'आपली आजी' म्हणून सगळ्यांना ठाऊक झाल्या. नातवाने मोबाईल धरला, आजीने रोजचा स्वयंपाक केला. कारल्याची भाजी कशी करायची हे लाखो लोकांना हवेच होते, आणि आजी ते नीट सांगत होती. २०२० साली त्यांचे चॅनेल हॅक झाले होते, ते पुढे परत मिळाले. त्यावरून धडा घेऊन आम्ही पुतण्याच्या खात्याला दुहेरी कुलूप लावले, म्हणजे पासवर्डबरोबर मोबाईलवर खात्रीही मागते. जाहिरात देतो म्हणून अनोळखी माणसाने पाठवलेली फाईल उघडायची नाही, हेही ठरवले.

दुसरे उदाहरण छत्रपती संभाजीनगरच्या कडूबाई खरात यांचे. एकतारी घेऊन भीमगीते गाणाऱ्या या बाईंचा आवाज मोबाईलवरच्या व्हिडिओंनी महाराष्ट्रभर पोहोचवला. तो ऐकून पुतण्याला वाटले, आपणही जुन्या कॅसेटमधली गाणी टाकावीत. पण कॅसेटमधल्या गाण्याचा हक्क बहुधा कंपनीकडे असतो. यूट्यूबचे यंत्र तो आवाज ओळखते, आणि जाहिरातीचे पैसे हक्कवाल्याकडे जातात किंवा व्हिडिओच बंद होतो. म्हणून जे आपण स्वतः, गाणाऱ्याच्या परवानगीने ध्वनिमुद्रित केले तेच टाकायचे.

आता जी गोष्ट सांगायची आहे ती मला सर्वांत महत्त्वाची वाटते. मागच्या वर्षी एका वाडीत जयंतीच्या वर्गणीवरून दोन गटांत भांडण झाले. शिवीगाळ झाली, एका वयस्कर बाईचा पदर ओढला गेला. पुतण्या तिथे गाणी घ्यायला गेला होता. मोबाईल चालू होता आणि सगळे त्यात आले. मित्रांनी त्याला सांगितले, "टाक. एका रात्रीत लाख व्ह्यूज येतील, तुझे चार हजार तास आठवड्यात होतील." त्यांचे म्हणणे खोटे नव्हते. भांडण पाहायला माणसे थांबतात. घरात पैशाची ओढ होती, आणि वहिनींनी त्याला नोकरीसाठी दिलेली मुदत संपत आली होती. तो माझ्याकडे आला.

मी त्याला एवढेच विचारले, "हा व्हिडिओ टाकलास, तर पुढच्या रविवारी त्या वाडीत तुला दार कोण उघडील? आणि त्या बाईची नात कॉलेजात गेली, की तिच्या मैत्रिणी तिला काय दाखवतील?" तो रात्रभर झोपला नाही. सकाळी त्याने तो व्हिडिओ मोबाईलमधून पुसून टाकला. मित्र त्याला वेडा म्हणाले. वहिनींनी मात्र त्या दिवशी त्याला आणखी सहा महिन्यांची मुदत दिली. आपली भांडणे जगाला दाखवून पैसे मिळवणारी चॅनेले पुष्कळ आहेत. त्यांना प्रेक्षक मिळतात, पण तो प्रेक्षक आपला होत नाही. उद्या दुसरीकडे मोठे भांडण लागले की तो तिकडे जातो.

त्या सहा महिन्यांत माझाही हातभार लागला. मी कारकून माणूस, दाखले आणि अर्ज हे माझे रोजचे काम. जून-जुलैत प्रवेशाच्या दिवसांत जातीचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, जात पडताळणी, शिष्यवृत्तीचा अर्ज यांसाठी आपल्या पोरांची किती धावपळ होते ते मी पाहतो. कोणते कागद लागतात, कोणती चूक झाली की अर्ज परत येतो, हे मी आठ-आठ मिनिटांच्या चार व्हिडिओंत सांगितले. दिसायला मी काही हिरो नाही. पण ज्याला उद्या अर्ज भरायचा आहे तो आठ मिनिटे बसतो, आणि थांबवून थांबवून दोनदा पाहतो. ओव्यांनी माणसे आपुलकीने आली, दाखल्यांनी ती गरजेने आली. रविवारी वंदनेनंतर आमच्या विहारात टीव्हीला मोबाईल जोडून तो आठवड्याचा व्हिडिओ सगळ्यांनी मिळून पाहतात. यूट्यूबच्या खात्यात ते एकदाच धरले जाते, पण समोर तीस माणसे असतात. पुढच्या आठवड्यात कोणाकडे जायचे, हे तीच माणसे सांगतात.

आपल्याला हे नवे नाही. बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' काढले तेव्हा शाहू महाराजांनी २,५०० रुपयांची मदत दिली होती. ३ एप्रिल १९२७ रोजी 'बहिष्कृत भारत' सुरू झाले. पैसा आणि वर्गणीदार यांची ओढाताण दोन्ही पत्रांना सोसावी लागली, आणि दोन्ही काही वर्षांतच बंद पडली. लिहिणारा एवढा मोठा असूनही वाचक आपोआप जमला नाही. तो एकेक करून जोडावा लागला. जो वाचत होता त्याने न वाचता येणाऱ्या चौघांना वाचून दाखवले, तेव्हा ते शब्द वस्तीत पोहोचले.

आता वहिनींना दिलेला हिशोब. हजार सबस्क्राइबर गेल्या पावसाळ्यात पूर्ण झाले. बारा महिन्यांचे तास अजून अडीच हजारांच्या आसपास आहेत. कमाई शून्य आहे, खर्च माईकचा, पेट्रोलचा आणि रिचार्जचा आहे. मी वहिनींना स्पष्ट सांगितले की यावर आज घर चालणार नाही. पुतण्यालाही सांगितले की चॅनेलचे पैसे सलग सहा महिने बँकेत दिसल्याशिवाय दुसरे काम सोडायचे नाही. तो आता आठवड्याचे सहा दिवस एका औषधाच्या दुकानात काम करतो आणि रविवारी वाड्यांवर जातो. त्याने घेतलेल्या आज्यांपैकी दोघी या वर्षभरात गेल्या. त्यांच्या लेकी तो व्हिडिओ लावून बसतात. हा जमेचा आकडा कोणत्या रकान्यात लिहायचा, हे मला कॉमर्सने शिकवलेले नाही.

ज्यांच्या घरी असे पोर आहे त्यांनी त्याला हिणवू नये, आणि आकाशातही चढवू नये. त्याला हिशोब विचारावा. आपल्या ओळखीच्या मुलाचे चॅनेल असेल तर नुसते बटण दाबून मोकळे होऊ नये. एक व्हिडिओ शेवटपर्यंत पाहावा, आवडला नाही तर कुठे आवडला नाही ते त्याला सांगावे, आवडला तर ज्याला उपयोग आहे अशा एका घरी पाठवावा. आणि तुमच्या घरात एखादी आजी अजून गात असेल, तर त्याला या रविवारीच बोलवावे.