वयाचा पुरावा

महाराष्ट्रांत एक जून या दिवशीं जन्मलेल्यांची संख्या इतकी मोठी कां, असा प्रश्न परक्या माणसास पडला तर नवल नाहीं. शिक्षकाच्या पेशांतील माणसास मात्र तें कोडें पडत नाहीं. बाप मुलाचा हात धरून शाळेंत येई. जन्मतारीख विचारली तर “मोठा पूर आला त्या सालीं, लावणी चालली होती,” असें सांगे. शाळा जूनमध्यें उघडावयाची, मूल सहा वर्षांचें भरावयाचें. म्हणून हेडमास्तर सहा वर्षें मागें मोजून एक जून ही तारीख जनरल रजिस्टरांत लिहीत व मोकळे होत. ज्यांच्या घरीं घटका-पळांसह पत्रिका मांडलेली असे, त्यांस या रीतीचें हसूं येई. परंतु हीच ओळ पुढें कधीं कधीं एखाद्या मुलाच्या बंदिवासाचा निकाल लावते, ही गोष्ट हसण्यासारखी नाहीं.

पोलिसांनीं पकडलेला मुलगा, मिसरूड दिसलें एवढ्यावरून, कागदांत एकोणीस वर्षांचा होतो आणि मोठ्यांच्या तुरुंगांत जातो. आईबाप म्हणतात तो सोळाचा. मग संविधानाच्या २२६ व्या अनुच्छेदाखालीं उच्च न्यायालयांत, अथवा ३२ व्या अनुच्छेदाखालीं सर्वोच्च न्यायालयांत, हेबियस कॉर्पसचा अर्ज होतो. म्हणजे बंदिवानास हजर करा व बंधनाचें कारण दाखवा. कारण दाखविणें सरकारास जड नसतें. अडतें तें वयापाशीं. डॉक्टरांस विचारावें, तर तेही हाडांच्या क्ष-किरण चित्रावरून अदमासच सांगतात. जम्मू-काश्मिरांतील एका स्थानबद्ध विद्यार्थ्याच्या प्रकरणीं सर्वोच्च न्यायालयानें १९८२ सालींच म्हटलें आहे कीं, अशा तपासणींत दोन्ही बाजूंस दोन वर्षांची चूक संभवते. म्हणजे डॉक्टरांनीं अठरा म्हटलेला मुलगा सोळाचाही असूं शकतो व विसाचाही. आणि झगडा तर तेवढ्याच अंतराचा!

म्हणूनच २०१५ च्या बालन्याय कायद्याच्या ९४ व्या कलमानें पुराव्यांचा क्रम घालून दिला आहे. प्रथम शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा मॅट्रिकसारख्या परीक्षेचें प्रमाणपत्र. तें नसेल तर नगरपालिकेचा किंवा पंचायतीचा जन्मदाखला. आणि दोन्ही नसतील तरच हाडांची तपासणी. पत्रिकेचें नांव या यादींत नाहीं. आमच्या वाचकांपैकीं कांहींस याचें वैषम्य वाटेल. आम्हांस वाटत नाहीं. पत्रिका घरांतच असते व घरांतच नवीही मांडतां येते. रजिस्टरांतील ओळ, ती अदमासाची कां असेना, मूल सहा वर्षांचें असतां लिहिलेली असते. तेव्हां तें पुढें कोणत्या खटल्यांत सांपडेल हें कोणाच्या स्वप्नींही नसतें. बालकास वेगळा न्याय ही कल्पनाही आपल्याकडे परकी नाहीं. नारदस्मृतींत आठव्या वर्षापर्यंतचें मूल गर्भस्थासमान मानिलें असून सोळाव्यापर्यंत त्यास बाल म्हटलें आहे.

पुण्यांतील एक प्रकरण सांगितल्यावांचून राहवत नाहीं. १९९४ च्या ऑगस्टांत एकाच घरांतील स्त्रिया व मुलें मिळून सात जीवांची हत्या झाली. आरोपींपैकीं एकास विशीच्या आसपासचा समजून खटला चालला, फांशीची शिक्षा झाली, व ती सर्वोच्च न्यायालयांतही कायम झाली. अल्पवयाचा मुद्दा निकालानंतरही, केव्हांही, उपस्थित करतां येतो. म्हणून पुष्कळ वर्षांनीं तो करण्यांत आला. पुण्याच्या सत्र न्यायाधीशांकडून चौकशी झाली. राजस्थानांत बिकानेर जिल्ह्यांतील एका शाळेच्या नोंदींत त्याची जन्मतारीख १ फेब्रुवारी १९८२ निघाली. नांवांतही थोडा फरक होता, तो समजून घ्यावा लागला. २०२३ च्या मार्चांत न्यायालयानें ठरविलें कीं, गुन्ह्याच्या वेळीं तो बारा वर्षांचा होता; आणि त्यास सोडलें. अशा मुलास फार तर तीन वर्षें सुधारगृहांत ठेवतां आलें असतें. त्याचीं अठ्ठावीस वर्षें तुरुंगांत गेलीं होतीं. ज्या घरचीं सात माणसें गेलीं, त्या घरास हा निकाल कसा पचला असेल, हा विचार मनांतून जात नाहीं. तरीही बारा वर्षांच्या मुलास फांशीची कोठडी, हें कोणत्या शास्त्रांत बसतें?

शाळेची नोंद सर्वत्र डोळे मिटून मानतात असें मात्र नाहीं. एका निवडणुकीच्या दाव्यांत १९८८ सालीं सर्वोच्च न्यायालयानें म्हटलें कीं, तारीख कोणीं सांगितली व कोणीं लिहिली हें सिद्ध झाल्यावांचून नुसत्या ओळीस किंमत नाहीं. पण सांगणारा बाप वारलेला, लिहिणारे हेडमास्तरही गेलेले. उरतें काय, तर तें रजिस्टर. त्याचीं पानें कसर लागून जाळीसारखीं झालेलीं आम्हीं पाहिलीं आहेत. शाळा बंद झाली, दुसरींत मिळविली गेली, कीं तीं जाड पुस्तकें कोणाच्या ताब्यांत जातात, याची विचारपूस आपापल्या गांवीं वाचकांनीं अवश्य करावी.