मेघगर्जना आणि सात्या

अमेरिकन कादंबरीकार ब्रँडन सँडरसन यांच्या २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द वे ऑफ किंग्स’ या कादंबरीत रोशर नावाचे कल्पित जग आहे आणि त्या जगावर पूर्वेकडून वारंवार महावादळ चालून येते. त्याची चाहूल लागताच तेथील गवत जमिनीच्या आत अंग चोरते. माणसे मात्र काचेच्या गोळ्यांत बसवलेली रत्ने मुद्दाम उघड्यावर ठेवतात, कारण वादळ ओसरल्यावर ती उजळलेली सापडतात आणि तोच उजेड पुढे दिव्याला, चलनाला व जादूलाही पुरतो. वादळ जाताना काही ठेवून जाते ही कल्पना मोहक खरी. पण तिच्यासाठी नवे जग रचावे लागते, हे चंद्रपूर-गडचिरोलीच्या वाचकाला पटणे जरा कठीणच.

या दोन जिल्ह्यांत मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या वर जातो, तेंदूपानांचे पुडे फळीवर, म्हणजे पाने मोजून घेण्याच्या संकलन केंद्रावर, वाळत पडलेले असतात आणि नेमके तेव्हाच वावधन, म्हणजे धुळीचे लोट उठवणारे वादळी वारे, सुटते. कवेलू उडतात, वाळत आलेली पाने भिजतात आणि हंगामाची मजुरी पाण्यात जाते. कल्पित वादळांचे वर्णन करणारे लेखक या हिशेबात सहसा शिरत नाहीत.

पुढे मृगाचा पाऊस लागला, ढग गडगडले की सात्या निघतात. सात्या म्हणजे वारुळांच्या आसपास उगवणारी रानटी आळिंबी. तिचा देठ जमिनीत मुळासारखा निमुळता होत खोल जातो, टोपीच्या मधोमध माती भेदणारे टोक असते आणि घाईने उपटली तर ती हमखास मध्येच तुटते. म्हणून जाणती बाई काडीने भोवतालची माती उकरून ती सोडवून घेते. ढगांच्या गर्जनेने आळिंबी उगवते असा समज मध्य भारताच्या जंगलपट्ट्यात आहे, आणि तो तेवढ्यापुरता नाही. सुमारे १,९०० वर्षांपूर्वी प्लुटार्क या ग्रीक लेखकाने भूछत्राचीच नातलग असलेली, जमिनीखाली वाढणारी ट्रफल मेघगर्जनेने निपजते काय, यावर जेवणाच्या पंक्तीतली एक सबंध चर्चा लिहून ठेवली आहे. जपानच्या इवाते विद्यापीठातील संशोधकांनी तर आळिंबीच्या लाकडी ओंडक्यांना क्षणाच्या अत्यल्प अंशापुरता उच्च दाबाच्या विजेचा झटका देऊन पाहिला, तेव्हा काही जातींचे उत्पन्न जवळपास दुप्पट झाले. जिवावर बेतल्याने बुरशी घाईने फळते, असा त्याचा एक अर्थ लावला जातो. मात्र त्या जाती लाकडावर वाढणाऱ्या होत्या. सात्यांचा संसार निराळा आहे.

सात्यांची खरी शेती वाळवी करते. कामकरी वाळवी वाळलेला पाला आणि लाकूड खाऊन अर्धवट पचलेल्या विष्ठेचे पोळ्यासारखे मऊ वाफे जमिनीखाली रचते, त्यांवर टर्मिटोमायसेस नावाची बुरशी वाढते, ती लाकडातील कठीण द्रव्ये मोडते आणि वाळवीला आयते अन्न मिळते. ही भागीदारी आफ्रिकेत सुमारे ३ कोटी वर्षांपूर्वी सुरू झाली असावी. माणसाची शेती अवघी दहा-बारा हजार वर्षांची. पहिल्या पावसाने माती भिजली, हवा दमट झाली की त्या वाफ्यांतून देठ वर निघतात. पाऊस आणि गडगडाट बरोबरच येत असल्याने श्रेय गर्जनेला मिळाले असेल. तरी विजेच्या ३०,००० अंश तापमानात हवेतील नायट्रोजन फुटतो आणि त्याची संयुगे पावसाबरोबर मातीत उतरतात, हेही खोटे नाही. समजुतीला इतपत सवलत द्यायला हरकत नसावी.

आफ्रिकेतील झांबियात याच कुळातील एका जातीची छत्री मीटरभर रुंद होते. गडचिरोलीची सात्या एवढी दांडगी नसते, पण कांदा-तिखटावर परतली की तिच्यापुढे बाजारातली डबाबंद बटण आळिंबी अगदीच बेचव वाटते.

वाळवीची ही शेती व्यापारी प्रमाणावर करणे माणसाला अजून साधलेले नाही, त्यामुळे सात्या रानातूनच आणाव्या लागतात. विषारी भूछत्रे दिसायला कधीकधी अशीच असतात, तेव्हा ओळख नसलेल्या माणसाने सात्या स्वतः खुडू नयेत. ओळख असलेल्या विक्रेतीकडून घ्याव्यात, आणि भावात फार घासाघीस करू नये.