पुढचे तू म्हण

अद्भुतकथांमधली संकटे बहुधा गाजावाजा करीत येतात. राक्षस येतो, नगरे जळतात, सैन्ये चालून जातात. उर्सुला ल ग्विन यांनी निर्मिलेल्या ‘अर्थसी’ या द्वीपसमूहावर ओढवलेले संकट मात्र डोळ्यांना दिसतही नाही. १९७२ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द फार्देस्ट शोअर’ या कादंबरीत जगाला कुठेतरी एक छिद्र पडले आहे आणि त्यातून त्या जगाची जादू झिरपून जाते आहे. एन्लाडचा राजपुत्र अ‍ॅरेन ही वार्ता घेऊन रोक बेटावरील महामांत्रिक गेड याच्याकडे येतो: मंत्र चालेनासे झाले आहेत, मांत्रिकांना शब्दच आठवत नाहीत.

अर्थसीतली जादू ही मुळात शब्दांची जादू आहे. प्रत्येक वस्तूला, प्राण्याला, माणसाला एका आदिभाषेत खरे नाव असते आणि ते ज्याला ठाऊक असेल त्याची तिच्यावर सत्ता चालते. माणसाचे खरे नाव म्हणून केवळ जिवलगालाच सांगायचे. अशा जगाला पडलेले छिद्र सर्वांत आधी भाषाच गिळणार, हे ओघाने आले. मराठी शिकवून पोट भरणाऱ्या माझ्यासारखीला ही कादंबरी प्रथम वाचताना भाषेच्या मृत्यूचे रूपक वाटली होती. मी मनोमन गेडच्या नावेत जाऊन बसलेही होते. दुसऱ्या वाचनात ती जागा आपली आहे का, याविषयी शंका आली.

गेड आणि अ‍ॅरेन छिद्राच्या शोधात निघतात. हॉर्ट टाउनच्या बाजारात त्यांना एक बाई भेटते. पूर्वी ती जादूचे खेळ करी. आता कापड विकते. आपली विद्या गेल्याचे तिला दुःख नाही. ती सारी हातचलाखीच होती, असे तिचे म्हणणे. रेशमाच्या रंगकामासाठी नावाजलेल्या लॉर्बनेरी बेटावर रंगाऱ्यांची विद्या हरपली आहे. तिथली एक वृद्धा आपले खरे नाव परक्यांसमोर उच्चारून टाकते, जणू अंगावरचे ओझे उतरवावे तसे. विसरणे ही या संकटाची पहिली पायरी. ‘विसरण्याजोगे काही नव्हतेच’ असे वाटू लागणे ही दुसरी, आणि ती अधिक भयंकर.

पण हे छिद्र पाडले कोणी? विस्मरणाने नव्हे. कॉब नावाच्या एका मांत्रिकाला मरायचे नव्हते. जिवंतांचे जग आणि मृतांचा निर्जल प्रदेश यांच्यामध्ये त्याने एक दार उघडले आणि ते बंद करणे त्यालाच जमेना. काहीही सोडायचे नाही, या हट्टापायी तो स्वतःचे नाव गमावून बसला आहे. शिवाय या पापात गेडचाही वाटा आहे. तरुणपणी संतापाच्या भरात त्यानेच कॉबला मृतांच्या सीमेवर ओढत नेले होते. मरणाचे ते भय तिथेच रुजले.

इथे मला माझी कॅसेट आठवते.

एम.ए.ला असताना मी आत्याच्या जात्यावरच्या ओव्या ध्वनिमुद्रित करायला गावी गेले होते. गावात गिरणी येऊन कित्येक वर्षे लोटली होती. घरचे जाते परसात पालथे पडले होते. मी आत्याला खुर्चीवर बसवले, समोर टेपरेकॉर्डर ठेवला आणि म्हटले, “आत्या, म्हण.” तिला काही आठवेना. मग तिचा उजवा हात आपोआप गुडघ्यावर गोल फिरू लागला, जणू खुंटा हाती आला होता, आणि ओव्या येऊ लागल्या. पाच-सहा झाल्या. पुढच्या ओवीची पहिली ओळ म्हणून ती थांबली आणि माझ्याकडे पाहून म्हणाली, “पुढचं तू म्हण की गं.”

मी म्हटले, “मला कुठे येतं? तू आठव ना.” आणि फीत वाया जाऊ नये म्हणून बटण दाबले.

ती विसरली आहे असे मी धरून चालले होते. जात्यावर समोरासमोर दोघी बसतात, एकीने ओळ उचलली की दुसरीने पुरी करायची असते, हे मला पुस्तकातून ठाऊक होते. परीक्षेत लिहिलेही होते. आत्या माझी वाट पाहत होती आणि मी तिच्या स्मरणशक्तीची नोंद घेत होते. त्या प्रबंधाला चांगले गुण मिळाले. आत्या आता नाही.

ल ग्विन यांच्या घरातच अशी एक गोष्ट होती. याही जमातीतला शेवटचा माणूस १९११ साली कॅलिफोर्नियात एकटाच रानातून बाहेर आला. आपले नाव आपणच परक्याला सांगायचे नाही, ही त्याची रीत. नाव सांगणारे दुसरे कोणी उरले नव्हते. मानववंशशास्त्रज्ञ आल्फ्रेड क्रोबर यांनी त्याला ‘इशी’ म्हटले; त्याच्या भाषेत त्याचा अर्थ ‘माणूस’. त्याचा आवाज मेणाच्या नळ्यांवर टिपून ठेवला गेला. १९१६ साली तो वारला. क्रोबर हे ल ग्विन यांचे वडील. इशीचे चरित्र १९६१ साली त्यांच्या आईने, थिओडोरा क्रोबर यांनी लिहिले. लेखिकेचा जन्म १९२९चा, म्हणजे तिने इशीला पाहिलेले नाही. त्या चरित्रातून ही कादंबरी आली असे मी म्हणणार नाही. इतकेच म्हणते की नळीवर आवाज राहतो, पण त्या आवाजाला उत्तर देणारे कोणी राहीलच असे नाही.

कादंबरीत समुद्रावर तराफ्यांवरच जन्मणाऱ्या आणि मरणाऱ्या लोकांचा एक उत्सव आहे. रात्रभर नृत्य-गायन चालायचे असते. पहाटेच्या सुमारास गायक मध्येच थांबतात. गाणी आठवेनाशी होतात. तेव्हा परका असलेला अ‍ॅरेन उभा राहतो आणि गातो. त्याने छिद्र बुजत नाही. ते बुजवण्यासाठी गेडला पुढे आपली सारी विद्या खर्ची घालावी लागते आणि तो रिकामा होऊन घरी परततो. पण ती एक रात्र पुरी होते.

मी मात्र कॉबसारखी सारे साठवायला निघाले होते. दरवर्षी लोकसाहित्याच्या तासाला मी ती कॅसेट वर्गात लावत असे. शेवटच्या ओळीनंतर खट् असा आवाज येतो. तो माझ्या बटणाचा. यंदा कॅसेट नेली नाही. पहिली ओळ मीच म्हटली, बेसूर, आणि थांबले. वर्ग गप्प होता. मी बराच वेळ थांबले.