जीव लावणे

प्राण्यांच्या प्रेमाकडे माणूस बहुधा स्वतःचे सुखदुःख सोबत घेऊनच पाहतो. संस्कृत कवींनी चक्रवाकाच्या जोडीला रात्रीच्या विरहाचा शाप दिला. प्रत्यक्षात हिवाळ्यात भारतातील जलाशयांवर उतरणारा हा पक्षी, म्हणजेच ब्राह्मणी बदक, सूर्य मावळला म्हणून जोडीदाराला सोडून जात नाही. काव्यसंकेत बाजूला ठेवला, तरी प्राणी जोडीने का राहतात, हा प्रश्न उरतोच.

पक्ष्यांच्या दहापैकी सुमारे नऊ जाती निदान एका विणीपुरती जोडी करून राहतात, तर सस्तन प्राण्यांत असे करणाऱ्या जाती शंभरात दहाही भरत नाहीत. सस्तनांत गर्भ वाढवणे आणि दूध पाजणे ही कामे मादीच्याच देहाला बांधलेली असतात; अंडे मात्र देहाबाहेर उबवावे लागते आणि पिलाला चारा दोघांपैकी कोणीही भरवू शकते, म्हणून पक्ष्यांत सोबतीला मोल येते.

या सोबतीचे टोकाचे रूप सह्याद्रीतील महाधनेशात दिसते. कोकणातील देवरायांत बेहड्यासारख्या जुन्या वृक्षाच्या ढोलीत मादी शिरते, विष्ठा आणि फळांचा गर यांच्या गिलाव्याने ढोलीचे तोंड लिंपते आणि चोच बाहेर येईल एवढीच उभी फट ठेवते. आत तिची उडण्याची पिसे गळून पडतात. पुढचे कित्येक आठवडे नर गळ्यात साठवून आणलेली उंबर-वडाची फळे एकेक वर काढून त्या फटीतून तिला आणि नंतर पिलालाही भरवतो. तो परतला नाही, तर ती वीण बहुधा वाया जाते.

जोडीने राहणे आणि एकनिष्ठ असणे या मात्र दोन वेगळ्या गोष्टी आहेत. डीएनए चाचण्यांनी पितृत्व तपासता येऊ लागल्यावर, एकनिष्ठ समजल्या गेलेल्या अनेक पक्ष्यांच्या घरट्यांत परक्या नराची पिले आढळली. शास्त्रज्ञ म्हणूनच एकत्र संसार करणाऱ्या ‘सामाजिक’ जोडीत आणि पिले केवळ एकमेकांपासूनच होणाऱ्या ‘जनुकीय’ जोडीत भेद करतात. नामिबियातील मोंटेरो धनेशाच्या अभ्यासात मात्र ढोलीतील पिले अन्न आणणाऱ्या नराचीच निघाली.

या बंधाचे मूळ मेंदूत शोधताना उत्तर अमेरिकेतील गवताळ प्रदेशात राहणारा, उंदरासारखा प्रेअरी व्होल अभ्यासकांच्या हाती आला. प्रसूतीशी आणि स्तन्यपानाशी निगडित असलेल्या ऑक्सिटोसिन या संप्रेरकामुळे, म्हणजे शरीरात स्रवणाऱ्या संदेशवाहक रसायनामुळे, तो जोडीदाराला धरून राहतो, असे दीर्घकाळ मानले गेले; पण या रसायनाचा संदेश स्वीकारणारे पेशींवरील ग्राहकच जनुकीय बदलाने काढून टाकलेल्या व्होलांनीही जोड्या केल्याचे 2023 साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दिसले. जवळीक एकाच रसायनावर उभी नसते, हे त्यातून स्पष्ट झाले.

रसायन आणि उपयोग सांगितल्याने माया खोटी ठरते, असे मात्र नाही. भुकेचे कारण कळल्याने भूक कुठे खोटी ठरते? मराठीत ‘जीव लावणे’ हा वाक्प्रचार माणसाच्या बाबतीत लाक्षणिक अर्थाने वापरला जातो. पिसे गाळून, फटीकडे चोच करून बसलेल्या मादीच्या बाबतीत तो शब्दशः खरा असतो.