हप्त्यांची तडजोड

दादा अब्दुल्ला आणि तय्यब शेठ हे एकाच गावचे आणि नात्यातले व्यापारी. तरीही दक्षिण आफ्रिकेत त्यांच्यामध्ये ४०,००० पौंडांचा दावा उभा राहिला. या कामासाठी १८९३ साली तरुण बॅरिस्टर मोहनदास गांधी प्रिटोरियास गेले. कागदपत्रे अभ्यासताना त्यांना दिसून आले, की आपले अशील दादा अब्दुल्ला यांची बाजू भक्कम आहे. कायदाही त्यांच्याच बाजूस आहे. मग आणखी काय हवे? परंतु वकिलांचा खर्च दिवसेंदिवस फुगत होता, दोघांचेही लक्ष धंद्यावरून उडाले होते, आणि मनांतील अढी तर निराळीच! गांधींनी तय्यब शेठना भेटून लवाद नेमण्याविषयी विनविले. त्यांनी ते मानले.

लवादाने दादा अब्दुल्लांच्या बाजूने निकाल दिला: ३७,००० पौंड आणि शिवाय खर्च. एवढी रक्कम तय्यब शेठ एकदम कोठून देणार? मरण पत्करावे, पण दिवाळे काढू नये, असा तेथील पोरबंदरच्या मेमन व्यापाऱ्यांचा अलिखित दंडक होता. आता मन वळवावयाचे होते ते जिंकलेल्याचे, आणि हे काम लवाद नेमण्याहूनही कठीण ठरले. अखेर दादा अब्दुल्लांनी लांब मुदतीचे हप्ते मान्य केले. समाजात दोघांचाही मान वाढला.